पिवळीच हवी

आमच्याकडे अपंगाच्या गाडीला सरकार एक गोल चकती देतं, पुढच्या काचेला आतून लावायला. तिचे दोन रंग असतात. अपंग माणूस स्वतः गाडी चालवत असेल तर पिवळी, आणि त्याला दुसरं कोणी बसवून नेत असेल तर पांढरी. पार्किंगची जागा दोन्हींना तीच मिळते, लिफ्टच्या शेजारची, रुंद, निळ्या पट्ट्यांची. फरक काय तो रंगाचा. पण त्या रंगापायी माझ्या नवऱ्याने सगळं घर वेठीला धरलं होतं.

नवऱ्याचं नाव तक ग्वांग-शिक. आमच्या यॉसू गावात मात्र त्यांना सगळे तक मास्तर म्हणतात, आणि आता माझ्याही तोंडी तेच बसलंय. आयुष्यभर त्यांनी ड्रायव्हिंग स्कूलमध्ये लोकांना गाडी शिकवली. अर्ध्या गावाने त्यांच्या शिव्या खाल्ल्या आणि उरलेल्या अर्ध्याने त्या शिव्यांच्या गोष्टी ऐकल्या. मग साखर वाढली, बूट चावून पायाला एक फोड आला. ‘फोडच तर आहे’ म्हणून मास्तरांनी तो अंगावर काढला, आणि थंडीच्या तोंडावर डॉक्टरांनी उजवा पाय गुडघ्याखालून कापला. पाय गेला, पीळ काही गेला नाही.

तेव्हापासून मला धड झोप नव्हती. ते नुसते कुशीवर वळले तरी मी उठून बसायची. पडले तर, जखम उघडली तर, हेच डोक्यात. दिवसा डोळे मिटायचे म्हटलं तरी कान जागेच.

खोटा पाय बसला, काठी घेऊन चालणं जमलं, तशी मी म्हटलं, आता चकतीचं बघू. आमच्या बिल्डिंगच्या तळघरात गाड्या अशा चिकटून उभ्या असतात की दार अर्धंच उघडतं. खोटा पाय बाहेर काढायला दार सताड उघडावं लागतं. म्हणून आमची गाडी कोपऱ्यात धूळ खात होती आणि आम्ही दवाखान्याला टॅक्सीने जात होतो. टॅक्सीत मास्तर ड्रायव्हरच्या चुका काढायचे. एकाने तर आम्हाला पुलाच्या अलीकडेच उतरवलं.

वॉर्ड ऑफिसात योम नावाची मुलगी होती, आमच्या लेकीच्या, हेरिमच्या वयाची. तिने कागद चाळले आणि विचारलं, “काका, गाडी तुम्ही चालवणार की घरचं कोणी?”

“मी.”

“पण लायसन्सवर पाय गेल्याची नोंद नाही. आधी लायसन्सच्या ऑफिसात चाचणी द्यावी लागेल. ब्रेक वेळेवर लागतो का ते बघतात. पास झालात की पिवळी देते.”

“आणि नापास झालो तर?”

“तर मग...” ती थोडी घुटमळली. “मग लायसन्स राहत नाही, काका. पण पांढरी आजच्या आज मिळेल की. काकू चालवतील.”

मी जोरजोरात मान हलवली. मास्तर मात्र हसले. “काकू? हिचं लायसन्स कपाटात असतं, थंडीच्या दुलयांखाली.”

खोटं नव्हतं ते. परीक्षा मी पास झाले होते, पण रस्त्यावर शिकवायला साक्षात मास्तर बसले. तिसऱ्याच दिवशी भर पुलावर त्यांनी मला विचारलं, “डोकं घरी ठेवून आलीस का?” आणि दार उघडून चालत निघून गेले. मी गाडी तिथेच कडेला लावली आणि बसने घरी आले. त्यांच्या आधी पोचले होते. त्यानंतर मी स्टिअरिंगला हात लावला नाही.

“तुम्ही तक मास्तर ना?” योमने अचानक विचारलं. “माझ्या आईला तुम्ही रडवलं होतं.”

“आता चालवते का नीट?”

“झकास चालवते.”

“मग?” म्हणाले, आणि पांढरी न घेताच उठले.

हेरिम शेजारच्या सुंचन शहरात राहते. तिची गाडी दुसऱ्या पत्त्यावरची, म्हणून चकतीला चालत नाही. तिने फोनवर बापाला समजावलं, “बाबा, घ्या ना पांढरी. रंगाने काय होतंय?”

“पांढरी म्हणजे सामान,” मास्तर म्हणाले. “पिवळी म्हणजे ड्रायव्हर. तुझा बाप सामान आहे का?”

मीही तोंडाने ‘घ्या पांढरी, घ्या पांढरी’ म्हणत होते. मनातून मात्र देवाला हात जोडत होते की बाबा रे, ह्यांना पिवळीच दे. पांढरी आली असती तर मला चालवायला बसावं लागलं असतं आणि शेजारी मास्तर. दुष्काळात तेरावा महिना.

पण चाचणीची तारीख काही ते घेईनात. आज पाय ठणकतोय, उद्या वारा आहे, परवा मूड नाही. ह्या माणसाने जन्मभर लोकांना परीक्षेला ढकललं आणि स्वतःच्या वेळी शेपूट घातली, असं मला वाटायला लागलं. एकदा कचरा टाकायला तळघरात गेले तर मास्तर आमच्या बंद गाडीत बसलेले. स्वतःशीच म्हणत होते, “लाल.” आणि डावा पाय ब्रेकवर नेत होते. “लाल.” पुन्हा.

मी काचेवर टकटक केलं. चोरी पकडल्यासारखे दचकले.

“अहो, काय चाललंय?”

त्यांनी शेजारचं दार उघडलं. मग म्हणाले, “बस. माझ्या मांडीकडे बघ. उजव्या.”

मी बसले. ते म्हणाले, “लाल,” आणि मी पाहिलं. उजवी मांडी आधी उडाली. जो पाय नाहीच तो ब्रेककडे धावला. त्याच्यामागून डावा निघाला, उशिरा.

“डोक्याला अजून बातमी पोचली नाही,” मास्तर म्हणाले. “चाचणीत हेच होणार. लायसन्स काढून घेतील. मग मी कोण गं?”

एवढ्या वर्षांत ह्या माणसाने मला काहीच विचारलं नव्हतं. माझा जीव कळवळला, आणि रागही आला की इतके दिवस एकट्याने तळघरात बसून हे करत होते.

“उद्या स्कूलमध्ये जायचं,” मी म्हटलं.

स्कूलचा मालक बांग, जुना दोस्त. त्याने शिकाऊ गाडीत ॲक्सिलरेटर डाव्या बाजूला बसवून दिला आणि सुट्टीच्या दिवशी मैदान मोकळं ठेवलं. पण शेजारच्या सीटवर माणूस हवाच, हा नियम. शिकाऊ गाडीत त्या सीटपुढेही एक ब्रेक असतो.

“शिकवणाऱ्या पोरांपैकी कोणाला तरी देतो,” बांग म्हणाला.

“पोरं नकोत,” मास्तर म्हणाले. ती सगळी त्यांच्याच हाताखाली तयार झालेली. “ही बसेल.”

अशी मी मास्तरांची मास्तरीण झाले. ते डावीकडे स्टिअरिंगला, मी उजवीकडे शेजारी, पाय ब्रेकवर. गाडी हलली की मी दाबायची. कुत्रं दिसलं, दाबला. खांब दिसला, दाबला.

“अगं, खांब काय चालत येणारे का अंगावर?”

“तुमचा काय भरवसा?”

“पाय उचल. तू दाबत राहिलीस तर मी कधी दाबणार?”

मग मी एक युक्ती केली. ब्रेकवरचा पाय काढला आणि डावा हात त्यांच्या उजव्या मांडीवर ठेवला. “लाल” म्हणायची, मांडी उडाली की फटकन चापट. “हा नाही, दुसरा.” पुन्हा “लाल”, पुन्हा चापट. एकदा मांडी फारच उडाली तेव्हा माझ्या तोंडून निघून गेलं, “डोकं घरी ठेवून आलात का?”

मास्तरांनी गाडी थांबवली. मला वाटलं, आता हे काठी घेऊन चालत निघतात. पण ते इतके हसले की चष्मा काढून डोळे पुसावे लागले. “पुलावर मी असंच बोललो होतो का?” म्हणाले. “फार लागलं असेल तुला.”

“लागलं होतं.”

“चल, पुन्हा म्हण लाल.”

हळूहळू मांडी शांत व्हायला लागली. एके दिवशी मी “लाल” म्हटलं, हाताखाली काहीच हललं नाही आणि गाडी मात्र जागेवर उभी. घरी जाताना मास्तरांनीच तारीख घेऊन टाकली.

तारीख घेताना एक घोळ झाला. त्यांचा वाढदिवस आम्ही चंद्राच्या तिथीने करतो, आणि तिथी कोणी पाहिलीच नाही. चाचणी नेमकी वाढदिवसाला. वाढदिवसाला सकाळी मियोकचं, म्हणजे समुद्रातल्या शेवाळाचं, सूप नाही प्यायलं तर तो वाढदिवसच नव्हे. आणि परीक्षेच्या दिवशी तेच सूप प्यायलं तर माणूस त्या शेवाळावरून घसरून नापास झालाच समजा. हे आमच्याकडे शेंबडं पोरसुद्धा जाणतं.

“आई, ह्या गोष्टींवर कोणी विश्वास ठेवतं का आता?” हेरिम फोनवर म्हणाली. आणि त्याच दिवशी तिने चिकट गुडदाणीचा डबा धाडला; परीक्षेला चिकट खाल्लं की माणूस पासाला चिकटतो म्हणून.

सकाळी मी मोड आलेल्या सोयाबीनचं सूप केलं. सोबत मोहरीच्या पाल्याचं आंबवलेलं किमची आणि भात. मास्तरांनी वाडग्यात डोकावलं आणि सगळं प्यायले. जाताना एक गुडदाणी तोंडात टाकली आणि एक खिशात.

चाचणीच्या खोलीत मला सोडलं नाही. दारातून दिसलं तेवढं दिसलं. एक खोटी गाडी, सीट, स्टिअरिंग, पेडल आणि समोर दिवे. दार लागलं. मी बाकावर बसले आणि बघते तर माझा हात माझ्याच मांडीवर चापट्या मारतोय. शेजारची बाई मला म्हणाली, “तुमचाही मुलगा आत आहे का?” मी म्हटलं, “तसंच काहीसं.”

मास्तर बाहेर आले ते तोंड शिवल्यासारखे. चेहऱ्यावरून काही कळेल तर शपथ. काठी टेकत माझ्यापर्यंत आले, खाली बसले, श्वास घेतला.

“अहो, सांगा ना.”

“भूक लागलीय.”

“सांगा आधी.”

“घरी मियोक आहे का?” ते म्हणाले. “असेल तर आता सूप कर. आता प्यायला हरकत नाही.”

मी तिथेच रडले. त्या बाईला वाटलं, माझा मुलगा नापास झाला. तिने मला पाण्याची बाटली दिली.

योमने पिवळी चकती दोन्ही हातांनी पुढे केली. मास्तरांनी काठी मला दिली, आणि तोल सांभाळत दोन्ही हातांनी घेतली. “तुझ्या आईला माझा नमस्कार सांग,” म्हणाले. “आणि म्हणावं, मलाही एकीने पुष्कळ शिव्या घातल्या.”

गाडीत डावा ॲक्सिलरेटर बसवून घेतला, चकती काचेला लागली, आणि पुढच्या तपासणीला आम्ही सुंचनच्या दवाखान्यात आमच्याच गाडीने गेलो. जाताना मी सगळी वाट पाय जमिनीवर दाबून बसले होते. तिथे ब्रेक नाही, हे माझ्याही डोक्याला कळत नव्हतं. मास्तरांनी एकदा पाहिलं आणि नुसतं म्हणाले, “हा नाही, दुसरा.” तपासणी चांगली निघाली. परतताना खाडीवर ऊन होतं, मास्तर सिग्नलला अलगद थांबत होते, अलगद निघत होते. एक सिग्नल आला, दुसरा आला. तिसऱ्याचं मला आठवत नाही.

जाग आली तेव्हा गाडी उभी होती, इंजिन बंद. समोर आमच्या लिफ्टचं दार, दोन्ही बाजूंना निळे पट्टे. माझ्या अंगावर मास्तरांचं जाकीट होतं. ते स्टिअरिंगवर हात ठेवून नुसते बसले होते.

“कधी आलो?”

“झाला बराच वेळ.”

“मग उठवायचं नाही का?”

“घोरत होतीस. ऑपरेशननंतर पहिल्यांदा ऐकलं.”

मी सीटचा पट्टा सोडायला लागले. “चला, लोक जागेसाठी खोळंबतात.”

“ही जागा आपली आहे,” मास्तर म्हणाले. “घाई कशाची? झोप अजून.”

मी पट्टा तसाच राहू दिला, आणि पुन्हा डोळे मिटले.