सिग्रिडची उडी

अमिरातीतल्या फुजैराला राहायला येऊन मुग्धाला पाच वर्षं झाली होती, आणि या पाच वर्षांत तिनं एकाही माणसाच्या गुडघ्याला हात लावला नव्हता. पुण्यात ती फिजिओथेरपिस्ट होती. कबड्डी खेळणाऱ्या पोरी तिच्याकडे लंगडत यायच्या आणि काही महिन्यांनी उड्या मारत जायच्या. मग नवऱ्याला, निनादला, इथं जहाजांना तेल पुरवणाऱ्या कंपनीत नोकरी लागली, मुलगी सोनम तेव्हा अगदी लहान होती, आणि मुग्धाचं काम जे सुटलं ते सुटलंच. इथं काम करायचं तर परवान्याची परीक्षा द्यावी लागते. पुढच्या वर्षी बघू, असं ती दरवर्षी म्हणायची.

सिग्रिड तिला पहिल्यांदा दिसली ती इमारतीच्या जिन्यात. लिफ्ट बंद होती. उंच, रुंद खांद्यांची एक गोरी बाई कडेवर तान्हं मूल घेऊन उतरत होती. दर पायरीला डावा पाय आधी खाली, मग उजवा त्याच्या शेजारी. मुग्धाला राहवलं नाही.

"डावा गुडघा ना? ऑपरेशन झालंय?" तिनं इंग्रजीत विचारलं.

बाई थांबली. "चालण्यावरून कळलं?"

"उतरण्यावरून. बाळ दे इकडे."

त्या दिवशी चहावर सगळी हकीकत कळली. सिग्रिड ऑल्मेर स्वीडनच्या राष्ट्रीय फुटबॉल संघाची स्ट्रायकर होती. उत्तरेकडच्या एका लहान गावात वाढली, एकोणिसाव्या वर्षी देशाकडून खेळायला लागली, आणि पुढची बारा वर्षं समोरच्या संघांना एकाच गोष्टीची धास्ती असायची: सिग्रिडची उडी. कॉर्नर आला की ती सगळ्यांच्या वर असायची आणि डोक्यानं बॉल जाळ्यात घालायची. अशीच एकदा हवेत गेली, एका पायावर उतरली, आणि गुडघ्याचा लिगामेंट तुटला. ऑपरेशन झालं. त्यानंतर अक्सेलचा जन्म झाला. मधल्या काळात क्लबचा करार संपला आणि क्लबनं शुभेच्छा देऊन हात झटकले. नवरा युहान बंदरावर इंजिनिअर, त्याची बदली इकडे झाली.

"मी निवृत्त झाले हे मला पेपरात वाचून कळलं," सिग्रिड म्हणाली. ती हसत होती, पण हात गुडघ्यावरून हलत नव्हता.

सोनम आतून आयपॅड नाचवत आली. "मम्मा, शी इज फेमस! लुक अॅट ऑल हर गोल्स!"

"हिवाळ्यात दुबईचा एक महिला क्लब चाचणी घेणार आहे," सिग्रिड म्हणाली. "मला जायचंय. मदत करशील?"

"माझ्याकडे इथला परवाना नाही. मला उपचार करता येणार नाहीत."

"उपचार माझा सर्जन बघतो. व्यायाम त्यानं ठरवून दिलेत, दर आठवड्याला व्हिडिओवर तपासतो. मला सोबत हवीय. एकटी करायला लागले की मी मध्येच रडत बसते."

"सोबत चालेल."

"आणि परवाना तू काढ."

"पुढच्या वर्षी..."

"मुग्धा, मी तेहतीस वर्षांची आहे. पुढचं वर्ष हे शब्द माझ्यासमोर उच्चारायचे नाहीत."

मुग्धाला हसू आलं. पण त्याच आठवड्यात तिनं परीक्षेचा अर्ज भरला आणि माळ्यावरच्या बॅगेतून जुनी पुस्तकं काढली.

उन्हाळा सुरू झाला होता. सूर्य वर यायच्या आत दोघी समुद्रकिनारी पोचायच्या, तरी दहा मिनिटांत अंगाचं पाणी पाणी व्हायचं. अक्सेल बाबागाडीत पाय झाडत पडलेला, आणि मुग्धा ओरडायची, "यल्ला, चल, अजून पाच! पाठ सरळ!" दुपारी सिग्रिड झोपायची आणि मुग्धा अभ्यासाला बसायची. हळूहळू सिग्रिड चालायची ती धावायला लागली, धावता धावता वळायला लागली. पुढे बॉल आला. सुट्टीच्या दिवशी बॉल फेकायचं काम निनादकडे आलं. ते त्याला अजिबात जमायचं नाही, पण तो हौसेनं करायचा.

मुग्धाच्या लक्षात एक गोष्ट येत होती. छातीवर आलेला बॉल सिग्रिड झेलायची, पायानं असा मारायची की बघत राहावं. पण डोक्यावरून गेलेला बॉल ती जाऊ द्यायची.

"तू उडी का मारत नाहीस?" शेवटी तिनं विचारलंच.

"बॉल खाली होता."

"सगळेच?"

"तुझ्या नवऱ्याला फेकता येत नाही."

"हे मात्र खरंय," निनाद लांबून म्हणाला.

मुग्धानं विषय सोडला नाही. "क्लबला उडीच बघायची असणार. तिथं काय सांगशील?"

सिग्रिडचा चेहरा एकदम बदलला. "तो आवाज तू ऐकलेला नाहीस! ओली फांदी मोडावी तसा. माझ्याच अंगातून आलेला!" तिनं अक्सेलला उचललं आणि ती चालू पडली.

मग ती यायचीच बंद झाली. मुग्धाचं अभ्यासातलं लक्ष उडालं. आपण जरा जास्तच बोललो, असं तिला सारखं वाटत राहिलं.

"तू बोललीस ते बरोबर होतं," निनाद म्हणाला. "पण वर तिच्याकडे जाऊन ये ना एकदा."

मुग्धानं थालीपीठं लावली आणि डबा घेऊन वर गेली. गुडघ्याचा विषय काढला नाही. सिग्रिडनं एक थालीपीठ संपवलं, दुसरं हातात घेतलं आणि म्हणाली, "कदाचित मला परत खेळायचंच नाहीये. आणि ते सांगायची लाज वाटतेय."

"मग नको खेळूस. तुझा गुडघा रोजच्या जगण्याला उत्तम आहे. कुणाचं काही देणं लागत नाहीस तू."

सिग्रिडनं हातातलं थालीपीठ खाली ठेवलं. "हवेत असते ना मी," ती हळूच म्हणाली, "तेव्हा कुणीच मला काही विचारत नसतं. तेवढ्या एका क्षणासाठी मी इतकी वर्षं खेळले."

"मलाही परीक्षेची भीती वाटते," मुग्धाच्या तोंडून निघून गेलं. "नापास झाले तर निनाद एका शब्दानं बोलणार नाही, आणि मला तेच सहन होणार नाही."

सिग्रिडनं डबा तिच्यापुढे सरकवला. मग विचारलं, "उडीची सुरुवात कुठून करायची?"

"पाण्यातून. आधी सर्जनला विचार."

सर्जननं होकार दिला. इमारतीच्या स्विमिंग पूलमध्ये छातीभर पाण्यात उड्या सुरू झाल्या. पाणी शरीर तोलून धरतं, उतरताना घाई करत नाही. पुढे कमरेएवढं पाणी, मग गुडघ्याएवढं, मग बागेतली हिरवळ. एका सकाळी निनादचा बॉल चुकून अगदी हवा तसा गेला. सिग्रिड वर गेली. बॉल तिच्या कपाळाला घासून झुडपात पडला, आणि ती दोन्ही पायांवर, गुडघे वाकवून, मांजरीसारखी अलगद उतरली. मग तिनं तिच्या भाषेत अशी काही आरोळी ठोकली की बागेचा माळी पाइप टाकून धावत आला.

"अजून एक," ती म्हणाली. "निनाद, फेक!"

मुग्धाची परीक्षा आधी झाली. निकाल बघायचं धाडस होईना म्हणून तिनं फोन सोनमच्या हातात दिला. "इट सेज पास, मम्मा. व्हाय आर यू क्रायिंग?"

चाचणीत सिग्रिडची निवड झाली. पहिल्या सामन्याला निनादनं सगळ्यांना गाडीत घालून डोंगरातल्या रस्त्यानं दुबईला नेलं. उत्तरार्धात सिग्रिड मैदानात उतरली. कॉर्नर आला. ती सगळ्यांच्या वर गेली, बॉल गोलपोस्टच्या आडव्या दांड्यावर आदळून खाली आला, आणि नबिला नावाच्या पोरीनं तो आत ढकलला. स्टँड ओरडून उठला. मुग्धानं गोल पाहिलाच नाही. ती सिग्रिडच्या पायांकडे बघत होती. पाय नीट टेकले तेव्हा कुठे तिनं श्वास सोडला.

पुढच्या सामन्यांत सिग्रिडनं स्वतः गोल केले, त्यातले दोन डोक्यानं. एक दिवस स्वीडनच्या प्रशिक्षक बाईंचा फोन आला. शब्द कसलाच देत नाही, पण सराव शिबिराला ये, असं त्या म्हणाल्या. सिग्रिड गेली.

मुग्धाला तोवर फुजैरातल्याच एका दवाखान्यात नोकरी लागली होती. तिचा पहिला पेशंट रत्नागिरीकडचा महादू, बंदरावर काम करणारा. त्याचा खांदा आखडला होता. समोर मराठी बोलणारी बाई बघून त्याचं निम्मं दुखणं तिथंच पळालं. "ताई, हात वर जाईल ना हो?" त्यानं विचारलं. "जाईल की. पण रोज यायचं," मुग्धा म्हणाली.

स्वीडनचा सामना सगळ्यांनी मुग्धाच्या घरी पाहिला. युहान अक्सेलला मांडीवर घेऊन जमिनीवर बसला होता. सिग्रिडला शेवटची वीस मिनिटं मिळाली. गोल झाला नाही. पण ती तीनदा उडाली, तीनदा उतरली, आणि समालोचक तिचं नाव घेताना दर वेळी आवाज चढवत होता. सामना संपल्यावर प्रशिक्षक बाई तिच्या खांद्यावर हात ठेवून काहीतरी सांगताना दिसल्या.

थोड्याच वेळात फोन वाजला. "पुढच्या शिबिरालाही बोलावलंय!" सिग्रिड धापा टाकत ओरडत होती. "मुग्धा, मी परवा येतेय. पाय जड झालेत. परवा संध्याकाळी बघशील?"

"बघेन ना," मुग्धा डोळे पुसत म्हणाली. "पण सकाळी दवाखान्यात फोन करून वेळ घे. संध्याकाळी मला खूप पेशंट असतात."