सरकत्या दाराची गाडी

नवऱ्याचं नाव घेऊ नये म्हणतात. तोंडावर मी त्याला 'तुम्ही'च म्हणते, पण इथे मजीदच म्हणणार. तेवीस वर्षं जो माणूस तिकडे आखातात, दम्मामला राहिला आणि दोन वर्षांतून एकदा महिनाभर पाहुण्यासारखा येऊन गेला, त्याला मनातल्या मनात तरी नावाने हाक मारायचा हक्क मला आहे.

दोन वर्षांपूर्वी तो कायमचा परत आला आणि तिसऱ्या महिन्यात त्याने गाडी घेतली. जुनी, पनवेलच्या कोणा माणसाकडून. जपानी कंपनीची, सात-आठ माणसं बसतील अशी, दोन्ही बाजूंना सरकणारी दारं. मिरजोळ्याला एमआयडीसीत हरिश्चंद्रचं गॅरेज आहे, त्याने घेण्याआधीच सांगितलं होतं, "मजीदभाई, ही गाडी कंपनीने इकडे विकायची कधीच बंद केली. पार्ट शोधताना घाम फुटेल तुम्हाला." मजीदने ऐकलं नाही. दम्मामला अशाच गाडीतून कामगारांची ने-आण करायचा तो. म्हणाला, डोळे बांधून खोलेन आणि जोडेन.

खोटं कशाला सांगू, गाडीला हात लावला की तो वेगळाच माणूस व्हायचा. ऑइल स्वतः बदलायचा. एअर फिल्टर काढून झाडायचा. दर जुम्म्याला नमाजाच्या आधी दारांच्या रुळांना ग्रीस लावायचा, मग ते दार एका बोटाने ढकलून दाखवायचा, येणाऱ्या-जाणाऱ्याला. मला दोन वर्षांत 'जेवलीस काय' असं त्याने किती वेळा विचारलं ते सांगता येईल. गाडीचं पाणी, हवा, बॅटरी मात्र रोज बघितली जायची. मी म्हणायची, चला, गाडीला सवत म्हणून तरी मान देऊ या. हुदा हसायची. हुदा म्हणजे आमची मुलगी, कॉलेजात आहे.

आणि रोज सकाळी गाडी धुवायची. नुसती वरून नाही, खालूनसुद्धा. एक बाजू जॅकवर उचलायची, पाइपाला बारीक तोंड लावायचं आणि खाली आडवं पडून चाकांच्या आतल्या बाजूला, स्प्रिंगच्या पाट्यांच्या मागे, जिथे माणसाचा हात जात नाही तिथे पाण्याचा मारा करायचा. दम्मामला वाळू खाली जाऊन बसते, ती धुतली नाही तर गाडी मरते, असं तो सांगायचा. पाणी विहिरीचं. नळाला पाणी एक दिवसाआड येतं, ते पिण्याला आणि जेवणाला. गाडीला विहीर आहे की, मोटर चालू करायची आणि बसायचं.

आता त्या विहिरीचं सांगते.

आमचं घर राजिवड्याला, खाडीपासून हाकेच्या अंतरावर. मजीद तिकडे होता तेव्हा मी बांधून घेतलं. चिरे मी मोजून घेतले, गवंड्याशी मी भांडले आणि विहीरही मीच खणून घेतली. पाणी लागलं त्या दिवशी माझी अम्मा बुरोंडीहून आली होती. तिने ओंजळभर पाणी तोंडात घेतलं आणि थुंकलं. "खारं आहे गो. नारळाला चालेल. लोखंडाचं काही ठेवू नको याच्यात." मला रडू कोसळलं. मजीदचा एवढा पैसा त्या खड्ड्यात गेला होता. मी फोन करायला उठले तर अम्माने हात धरला. "फोनवर सांगू नको त्याला. परदेशातल्या माणसाला घरची रड सांगायची नाही, तिकडे एकटा असतो तो. आला की सांग."

आमच्यात असंच असतं. सासूला पॅरालिसिसचा झटका आला तेही त्याला महिन्याने कळलं. फोनवर विचारलं, सगळं ठीक? की सगळं ठीक. आणि तो सुट्टीवर आला की घरात राजा यायचा. त्याच्या अंघोळीला मी नळाचं पाणी पिंपात राखून ठेवायची, त्याचे कपडे नळाच्या पाण्यात, त्याचा चहा तर बोलायलाच नको. आम्ही मायलेकी विहिरीच्या पाण्याने केसांचं खराट्यासारखं करून घ्यायचो. महिनाभरच राहणार माणूस, त्याला कशाला खारं पाणी. कायमचा आल्यावरही तीच रीत राहिली; त्या विहिरीचा एक थेंब कधी त्याच्या जिभेला लागला नाही.

तो कायमचा आला तेव्हा सांगायला हवं होतं. सांगायला गेले मी. गाडी आल्यावर तिसऱ्या की चौथ्या दिवशी, तो पाइप घेऊन उभा होता, शेजारचा आमीर बघायला आला होता. मी म्हटलं, "गाडीला विहिरीचं पाणी मारू नका, ते पाणी..."

"तुला गाडीतलं काय कळतं?" मजीद म्हणाला. मागे वळूनसुद्धा न बघता. "आत जा. चहा टाक."

आमीर तोंड फिरवून हसला. मी आत गेले, चहा टाकला. ते वाक्य तिथेच राहिलं, अर्धं. मी ठरवलं, आता हा विचारेल तेव्हाच सांगेन. घर बांधलं मी, विहीर खणली मी, आणि मला काय कळतं? मग राहू दे. मला कळत नाही तेच बरं.

पहिला पावसाळा गेला. दुसऱ्या उन्हाळ्यात गाडीखालून तांबडं पाणी यायला लागलं. घरापुढचं खळं, म्हणजे अंगण, मी सिमेंटचं करून घेतलंय, त्यावर तांबडे ओघळ स्पष्ट दिसायचे. मजीद म्हणायचा, रस्त्याची माती. आमच्याकडे मातीच तांबडी, कोणाला संशय यायचा? पण एकदा हुदाच्या परीक्षेत गाडी आठ दिवस जागची हलली नव्हती, आणि तरी पाणी तांबडंच येत होतं. मी ओट्यावर बसून मासे साफ करत होते. मला त्याच क्षणी कळलं ते काय आहे. तो गंज होता. मी बांगड्याचं डोकं कापलं आणि गप्प बसले. खोटं नाही बोलणार, बरं वाटलं मला. कुजू दे मेली, असंच मनात आलं.

मे महिन्यात अम्मा पडली.

बुरोंडीला ती माझ्या भावाकडे, हमझाकडे होती. पाय घसरून पडली आणि खुब्याचं हाड मोडलं. दापोलीला नेलं, डॉक्टरने सांगितलं वय फार आहे, ऑपरेशन झेपायचं नाही, झोपवून ठेवा. हमझाने मासेमारी सोडली होती. पोरांच्या शाळा जूनमध्ये मुंब्र्याला सुरू होणार, त्याच्या आधी बिऱ्हाड हलवायचं ठरलेलं. मुंब्र्याला चौथा मजला, लिफ्ट नाही. अम्माने फोन घेतला. म्हणाली, "रहिमा, मला वर चढवलं तर मी खाली मयतातच येईन. मला जमिनीवर ठेव गो. तुझ्या खळ्याकडची खोली आहे ना, तिथे. खाडीचा वारा तरी लागेल."

तिने जन्मात माझ्याकडे काही मागितलं नव्हतं.

मी त्याच दिवशी खोली रिकामी केली, खाट धुऊन उन्हात घातली. आणि पहिल्यांदाच त्या गाडीकडे मी नीट बघितलं. दार सरकतं, म्हणजे माणूस न वाकवता आत घेता येईल. मधली सीट काढली की गादी बसते. मजीदनेच मला मोजून दाखवलं, वीत टाकून. आणि इथे मला त्याचा राग करता आला नाही, कारण तो म्हणाला, "अम्माला मी आणणार. तेवीस वर्षं तिने तुला सांभाळलं, मी कुठे होतो?" त्याचे डोळे भरले होते. हमझा जायला सोळा दिवस होते. अँब्युलन्स करून पाठवू काय, त्याने विचारलं; मी म्हटलं, नको, गाडी येते.

घाटाचा रस्ता, आत आजारी माणूस, म्हणून आधी गाडी दाखवून घेऊ असं ठरलं. मीही गेले बरोबर, गादीचं माप घ्यायला.

हरिश्चंद्रने गाडी वर उचलली. बॅटरीच्या उजेडात खालून बघत बघत गेला आणि एका ठिकाणी थांबला. खिशातला स्क्रू ड्रायव्हर काढून त्याने हलकाच दाबला. तो मुठीपर्यंत आत गेला. त्याने दुसरीकडे दाबला, तिथेही गेला. सरकत्या दाराचा खालचा रूळ त्याने नुसता हाताने हलवला तर पत्र्याचा तुकडाच सुटून खाली पडला.

"मजीदभाई," तो म्हणाला, "गाडी समुद्रात धुता काय तुम्ही?"

"रोज धुतो," मजीद म्हणाला. "खालूनसुद्धा."

"कसल्या पाण्याने?"

"विहिरीच्या. घरच्याच."

"राजिवड्याची ना विहीर? खारी असणार." हरिश्चंद्रने हात पुसले. "घेतलीत तेव्हाच खाली थोडा गंज होता, वरून काळा रंग मारून विकलीय त्याने. तशीच ठेवली असती तर पाच वर्षं गेली असती. तुम्ही रोज मीठ घातलंत. याच्यात माणूस झोपवून घाटात जाऊ नका. मी जाऊ देणार नाही."

मजीद माझ्याकडे वळला. दम्मामला नळाला येतं तेसुद्धा समुद्राचंच पाणी, पण गोड करून आलेलं. पाणी खारं असू शकतं हे त्याच्या ध्यानीमनीच नव्हतं. त्याने मला अगदी साधेपणाने विचारलं, "आपली विहीर खारी आहे?"

अखेर विचारलं त्याने. दोन वर्षं मी ज्याची वाट बघत होते ते विचारलं. आणि मी म्हटलं, "उन्हाळ्यात होत असेल थोडी."

माझं तोंड बघून हरिश्चंद्र दुसरीकडे गेला. मजीद बराच वेळ त्या भोकांकडे बघत उभा राहिला. मग म्हणाला, "माझ्याच घरातलं पाणी मला ठाऊक नाही." ओरडला असता तर बरं झालं असतं. ओरडणाऱ्या मजीदशी मला भांडता येतं.

घरी येताना रिक्षात मी सांगणार होते की अँब्युलन्स करू या, उद्याच जाऊ. शब्द तोंडात होते. तेवढ्यात तो म्हणाला, "आठ दिवस दे मला. नवा पत्रा जोडतो. घरात गाडी असताना अम्मा भाड्याच्या गाडीतून आली तर बुरोंडीत तोंड कसं दाखवू?" दुसऱ्या कुठल्याही दिवशी मी त्याला झाडलं असतं. म्हटलं असतं, तुमचं तोंड गेलं खड्ड्यात, माझी आई पडलीय तिकडे. पण त्या दिवशी माझ्यात जोर नव्हता. मी वाद घातला तर तो विचारेल, तुला माहीत होतं ना? आणि मग काय सांगू? म्हणून मी म्हटलं, बरं.

तो रोज सकाळी मिरजोळ्याला जायचा आणि संध्याकाळी हातांना चटके घेऊन यायचा. पत्रा कापला, वेल्डिंग केलं, जुना सगळा भाग खरवडून काढला. आठाचे दहा दिवस झाले. दाराचा रूळ मिळेना. पुण्याला नाही, कोल्हापूरला नाही, दिल्लीहून कोणी पाठवतो म्हणाला तो आलाच नाही. त्याने दुसऱ्या गाडीचा रूळ कापून बसवला, दार अर्ध्यात अडकलं. हमझाचे फोन येत होते. मी सांगायची, येतो, गाडीचं थोडंसं काम आहे. अम्मा मागून विचारायची, काय म्हणते? आणि हमझा म्हणायचा, येतायत.

सोळाव्या दिवशी सकाळी हमझाचा फोन आला. टेम्पो भरून झाला होता, अँब्युलन्स दारात उभी होती. मी म्हटलं, एक दिवस थांब. तो म्हणाला, "रहिमा, अँब्युलन्स तुझ्याकडे वळवायची असती तर पंधरा दिवसांपूर्वीच वळवली असती. तू नको म्हणालीस. गाडी येते म्हणालीस." त्यात एक अक्षर खोटं नव्हतं.

मुंब्र्याला तिला चादरीची झोळी करून चार जणांनी वर नेलं. आता ती तिथेच आहे. खिडकीतून समोरच्या इमारतीची भिंत दिसते, असं हमझाची बायको सांगते.

गाडी दुरुस्त होऊन आली. खळ्यात उभी असते. मजीद आता तिला नळाच्या पाण्याने पुसतो, बादलीभरच, आणि पाणी घेताना मला विचारतो, एवढं घेऊ काय? मी म्हणते, घ्या. सरकतं दार तो आता कोणाला दाखवत नाही.

मागच्या जुम्म्याला अम्माचा फोन आला. आवाज बारीक झालाय, पण डोकं साफ आहे. हमझाने तिला गाडीचं सगळं सांगितलं असावं. इकडचं तिकडचं विचारून झाल्यावर म्हणाली, "विहिरीच्या पाण्यानेच ना गो, धुवायचा तो?"

"हो, अम्मा."

"मी सांगितलं होतं तुला. आला की सांग म्हणून."

"सांगितलं होतं. त्यांनी ऐकलं नाही."

मागे कोणाच्या तरी घरात कुकरच्या शिट्ट्या होत होत्या.

"पण तू पुरतं सांगितलंस ना, रहिमा?"

मी म्हटलं, अम्मा, काहीच ऐकू येत नाही, रेंज गेली वाटतं, मागाहून करते. आणि फोन ठेवला. आवाज अगदी स्वच्छ येत होता.