बाजूचं दार

नियम लोइसबाईंचेच होते, मग शिव्या तरी कुणाला घालणार? दीडशे वर्षांपूर्वीची अमेरिकन माणसं कशी राहायची, काय रांधायची, मेलेल्याला कशी पोचवायची, यातच बाईंची हयात गेली. त्यावर पुस्तकं लिहिली आणि वेस्ट हॅलम गावातली आपली जुनी गल्लीही पाडापाडीतून वाचवली. घरांच्या रस्त्याकडच्या बाजूला साधा खिळासुद्धा ठोकायचा नाही, हा नियम त्यांच्याच हातचा.

आता त्यांचा नवरा अ‍ॅम्ब्रोस चाकाच्या खुर्चीत होता. पुढच्या दाराला उंच दगडी पायऱ्या, मागचं दार अरुंद. हिवाळाभर तो बिचारा खिडकीतून कोपऱ्यावरच्या न्हाव्याच्या दुकानाकडे बघत बसला. तिथं त्याचे दोस्त जमायचे. एकदा दोघांनी त्याला उचलून नेलं, तर परत आल्यावर तो जेवला नाही. "मी काय सोफा आहे?" एवढंच म्हणाला.

बाईंनी गल्लीच्या समितीकडे पुढच्या दाराला लाकडी उतार मागितला. समितीची प्रमुख ग्रेटा, बाईंचीच विद्यार्थिनी. तिनं बाईंचाच नियम बाईंना ऐकवला. त्यांच्या तळपायाची आग मस्तकात गेली. पण पोरगी त्यांच्याकडूनच शिकली होती आणि नीट शिकली होती.

"बाई, एक वाट आहे," ग्रेटा चाचरत म्हणाली. "बैठकीच्या खोलीचं बाजूचं दार. मूळचंच आहे, रुंद आहे, रस्त्यावरून दिसत नाही. तिथं उतार चालेल."

ते दार बाईंना पक्कं ठाऊक होतं. त्या घरात पूर्वी माणूस गेलं की बैठकीत ठेवायचे आणि त्याच दारातून शवपेटी बाहेर काढायचे, पाय पुढे करून. एरवी ते दार बंदच. त्यावर बाईंनी अख्खं प्रकरण लिहिलं होतं, आणि ते टाइप केलं होतं अ‍ॅम्ब्रोसनं.

घरी येऊन सांगितलं, तर त्यानं खुर्ची वळवून त्या बंद दाराकडे पाहिलं. मग हसला. "लोइस, तुला घाई झालीय का गं?"

बाईंना रडूच कोसळलं. जन्मभराचा अभ्यास गळ्यातलं लोढणं होऊन बसला होता.

"बरं, उघड ते दार," तो म्हणाला. "पण मला उलटा ने. पाय पुढे नकोत."

उन्हाळाभर बाई त्याची खुर्ची पाठमोरी ओढत बाहेर नेत राहिल्या, खांदे भरून येईपर्यंत. आलं बघा मढं, म्हणून दोस्त चेष्टा करायचे, तोही हसायचा. पण त्या उंबऱ्यावर आला की दरवेळी खुर्चीचे हात घट्ट धरायचा. बाईंना ते दिसायचं.

पानगळीत तो गेला. पेटी न्यायला आलेली माणसं बाजूचा उतार बघून खूश झाली. बाईंनी ते दार आतून लावून घेतलं आणि पुढून न्या म्हणाल्या. पायऱ्या अवघड आहेत, आणखी हात लागतील, असं त्या माणसांनी सांगून पाहिलं.

"लागू देत," बाई म्हणाल्या. "त्या दारातून तो जिवंत जायचा."

रस्त्यावर उभी असलेली ग्रेटा पायऱ्या चढून वर आली आणि तिनं पेटीची एक कडी धरली.