दोघी बहिणींची कुऱ्हाड

मित्रांनो, मी एक जुनी कुऱ्हाड आहे. पण माझ्या नावावर एकही झाड नाही. मी फेकायची कुऱ्हाड. कुणीतरी नेम धरून मला फेकावे, मी हवेत एक गिरकी घ्यावी आणि समोरच्या लाकडी फळ्यात धारेने रुतून बसावे, एवढ्यासाठीच लोहाराने मला घडवले. सुताराने मला दांडा बसवला आणि तो निसटू नये म्हणून वरून लाकडाची पाचर ठोकली.

माझ्या मालकिणी दोघी बहिणी. थोरलीला सगळे ताई म्हणत. ती घरीच शाळेचे गणवेश शिवायची. धाकटी दातांच्या दवाखान्यात कामाला होती. आई गेल्यापासून दोघींना घर खायला उठायचे. जेवताना भांड्यांचा काय तो आवाज. एका रविवारी धाकटीने जुन्या गोदामाच्या दारावर पाटी वाचली, 'कुऱ्हाडफेक शिका', आणि ताईला जवळजवळ ओढतच आत नेले. ताईचे आपले एकच पालुपद, की जिला सुईत दोरा ओवायला चष्मा लागतो, तिचा नेम कसला लागणार.

तिथे शिकवायला एक मास्तर होते. उभा जन्म लाकडाच्या वखारीत काढलेला माणूस. त्यांनी मला दोघींच्या हाती दिले. पहिल्या दिवशी मी फळ्यावर पाठीने आपटले, दांड्याने आपटले, एकदा तर निम्म्या वाटेतच जमिनीवर लोळण घेतली. मास्तर न चिडता सांगत राहिले. मनगट वाकवायचे नाही. जोर लावायचा नाही. हात डोळ्यांसमोर आला की नुसते सोडून द्यायचे. कुऱ्हाड जास्त फिरत असेल तर अर्धे पाऊल पुढे या, कमी फिरत असेल तर मागे व्हा. आणि फेकण्याआधी प्रत्येक कुऱ्हाड ते स्वतः कानाशी धरून हलवून बघत.

तिसऱ्या रविवारी ताईच्या हातून मी सुटले आणि खच्चकन फळ्यात बसले. ताई बघतच राहिली. मग हसायला लागली, आणि हसता हसता तिचे डोळे वाहू लागले. धाकटी तिच्या गळ्यात पडली. आईनंतर त्या दोघी एकत्र हसल्या त्या तेव्हाच. त्याच दिवशी त्यांनी मला मास्तरांकडून विकत घेतले. ताईने माझ्या धारेसाठी चामड्याची टोपी शिवली, दुहेरी टाक्यांची. पुढे एका लहानशा स्पर्धेत धाकटीचा दुसरा नंबर आला, तर गणवेशाचे माप द्यायला येणाऱ्या प्रत्येकीला ताई आधी मला दाखवायची, मग टेप काढायची.

मग शाळा उघडायचे दिवस जवळ आले. ताईला मान वर करायला फुरसत मिळेना. मी दोन महिने खिडकीच्या कट्ट्यावर उन्हात पडून राहिले. दांड्याला तेलाचे बोट लागले नाही. लाकूड सुकले, आकसले, पाचर ढिली झाली. मला ते कळत होते, पण सांगू कुणाला?

गणवेशांची घाई सरली आणि दोघी पुन्हा गोदामात आल्या. त्या दिवशी नवी मंडळी बरीच होती. मास्तर पलीकडच्या टोकाला त्यांना उभे राहायला शिकवत होते. धाकटीचा नंबर आला. तिने मला हलवून पाहिले. माझ्यातून बारीकसा आवाज आला. ती क्षणभर थांबली. मला वाटले, कळले हिला. पण मागे रांग होती. तिने मला डोक्यावरून मागे नेले, आणि माझे पाते दांड्यातून निसटले. मागच्या कठड्यावर ताईने उजवा हात टेकला होता.

बोटे वाचली. पण अंगठ्याची शीर तुटली ती तुटलीच. कात्री धरता येईना, सुई तर लांबच. शिलाईच्या यंत्रावर चादर पडली. मला वर्तमानपत्रात गुंडाळून त्याच यंत्राच्या खणात ठेवले, पाते वेगळे, दांडा वेगळा. म्हणून पुढचे सगळे माझ्या कानांवर पडले.

ताईने धाकटीला कधी बोल लावला नाही. भेटायला येणाऱ्यांना ती सांगायची, की नशिबाचा भाग, पोरीचा त्यात काय दोष. ती असे म्हणाली की धाकटी उठून आत जायची. एका संध्याकाळी मात्र ती उठली नाही.

"ताई, मी हलवून बघितली होती," ती म्हणाली.

"म्हणजे?"

"सैल लागली होती हाताला. वाटलं, एकदाच तर फेकायचीय. काय होतंय."

मग ताई हळू आवाजात म्हणाली, "हे मला सांगायला नको होतंस गं."

महिन्याभरात धाकटीने दुसऱ्या गावच्या दवाखान्यात नोकरी धरली. निघताना तिने ताईच्या औषधांच्या गोळ्या वारांप्रमाणे डब्यांत लावून ठेवल्या. ताईने तिला थांब म्हटले नाही. म्हणायचे होते, हे मला माहीत आहे; कारण दार लागल्यावर रिकाम्या खोलीत ती ते म्हणाली.

आता दर रविवारी फोन येतो. जेवण झाले का, गोळ्या घेतल्या का, थंडी आहे का. माझे नाव कुणी काढत नाही. फोन ठेवला की ताई बराच वेळ यंत्रापाशी बसून राहते.

मित्रांनो, हत्याराला तेल लावा, उन्हात टाकू नका, हे तुम्हाला कुणीही सांगेल. माझे मागणे वेगळे आहे. आम्हा वस्तूंचे बोलणे फार थोडे असते आणि ते आधी हाताला कळते. कळले की थांबा. मागे उभी असलेली माणसे खोळंबतील. खोळंबू द्या. त्यात कुणाचे काही जात नाही.