खिडकीकडचा गाल

सेटवर त्यांना खऱ्या नावानं कुणी हाक मारत नसे. सगळे म्हणायचे काळोखे. छायालेखक म्हणून स्वारीचं नाव मोठं, तेही काळोखासाठीच. एक खिडकी, तिच्याकडचा गाल उजळलेला, उरलेला चेहरा अंधारात. उभा जन्म हेच. निर्माते हातापाया पडायचे, "अहो, एवढ्या मिनतवारीनं आणलेली नटी, जरा दिसू तरी द्या!" काळोखे कुणाला भीक घालत नसत. उलट, मागाहून लॅबमध्ये कुणी चित्र उजळवू नये म्हणून ते फिल्मवर प्रकाशच इतका बेताचा पडू द्यायचे, की अंधाऱ्या भागात काही उमटतच नसे. मग ब्रह्मदेव आला तरी त्याला ते उजळता आलं नसतं.

बायकोच्या दुखण्यापुढे डॉक्टरांनी हात टेकले, तेव्हा मुलीला दिवस गेले होते. बायकोनं एकच हट्ट धरला.

"नातवंड काही माझ्या नशिबात नाही. पण त्याला आजी दिसली पाहिजे. माझी फिल्म काढा. आणि हे बघा, तुमची ती कारागिरी नको. लख्ख उजेडात काढा."

"काढतो गं," ते म्हणाले. मनापासून म्हणाले.

तिला खुर्चीत बसवून त्यांनी समोर दिवा लावला. बसलेली गालफडं, निळसर ओठ, सगळं एकदम दिसलं. त्यांनी दिवा विझवला. पडदा जरासा ओढला. पुढे हात सवयीनं चालले, लेन्सचं तोंडही नेहमीसारखं बारीक झालं. ती बाळाशी बोलत राहिली. बाहेर ढग येत-जात होते, म्हणून त्यांचं सगळं लक्ष उजेडावर.

"नीट आलं ना हो?"

"फार सुंदर."

रीळ धुऊन येईपर्यंत ती गेली.

मुलगी आली, पडद्यासमोर बसली. एक गाल, कानाशी पिकलेली बट आणि आईचा आवाज. जाणकारांनी वाहवा करावी असं चित्र.

"बाबा, आईचा चेहरा कुठाय?"

काळोखे रीळ घेऊन लॅबकडे धावले. ज्या लॅबवाल्याशी आयुष्यभर भांडले, त्याच्यापुढे हात जोडले. त्या बिचाऱ्यानं जंग जंग पछाडलं. काळ्याचं नुसतं राखाडी झालं.

"साहेब, इथं काही नाहीच हो," तो हळूच म्हणाला.

मुलगी दारातच वाट बघत होती. त्यांच्याकडे पाहूनच काय ते समजली. वडिलांवर चिडायचं तिच्या जिवावर आलं.

"जाऊ द्या बाबा. तुम्ही समोर होतात ना? तुम्हीच सांगा, मी बाळाला सांगेन. 'ये रे माझ्या सोन्या' म्हणाली, तेव्हा आई हसत होती की रडत होती?"

काळोख्यांनी डोळे मिटून आठवून पाहिलं. पुन्हा पुन्हा पाहिलं.

"तेव्हा ढग आला होता गं," ते म्हणाले, आणि हमसून हमसून रडू लागले.