उदकपूरची शेवटची पोथी

या, असे जवळ सरकून बसा. काल्याचं कीर्तन झालं, पहिली पंगत उठायला अजून अर्धा तास आहे. तेवढ्यात एक गोष्ट सांगतो. बुवांसारखी रंगवता येणार नाही. मी आपला मागच्या रांगेतला टाळकरी. पण ती माझ्याच हातून घडली, म्हणून मलाच सांगायला हवी.

अहमदपूरच्या कॉलेजात मी तेहतीस वर्षं ग्रंथालयाचा शिपाई होतो. तिथं वैजनाथ सर मराठी शिकवायचे. सात-आठशे वर्षांपूर्वीची मराठी हा त्यांचा विषय. कुठल्या मठात, कुणाच्या देवघरात फडक्यात बांधलेली पोथी आहे असं कळलं की सर एसटी धरून निघायचे. जुन्या शब्दांचा एक कोश त्यांनी छापला, एका पोथीची शोधून-निवडून आवृत्ती काढली. ही दोन पुस्तकं पंडितांची.

उरलेली आमची. सरांनी पाच कादंबऱ्या लिहिल्या, सगळ्या अद्भुताच्या. गोदावरीच्या तळाशी उदकपूर नावाचं शहर आहे आणि तिथलं एकेक घर एकेका शब्दावर उभं आहे. वर जमिनीवर माणसं तो शब्द बोलायची थांबली की खाली ते घर ढासळतं. म्हणून तिथली नावाडीण उमळा रोज पहाटे वर येते आणि विसरत चाललेले शब्द बायांच्या जात्यावर, गुराख्यांच्या तोंडी, कीर्तनकारांच्या पडशीत गुपचूप टाकून जाते. पहिलं पुस्तक आलं तेव्हा पोरं ग्रंथालयाच्या खिडकीशी भांडायची. 'उदकपूर आलं का हो मामा?' एवढंच विचारायची. त्या पुस्तकाला मी चार वेळा नवा पुठ्ठा घातला.

सर आमच्या सप्ताहाला यायचे. सगळ्यात मागे, खांबाला टेकून. बुवांच्या तोंडून एखादा जुना शब्द पडला की खिशातली वही निघायची. मी एकदा विचारलं, "सर, कोश तर छापून झाला, आता कशाला लिहिता?"

म्हणाले, "दगडोबा, कोशात शब्दांचे फोटो असतात. इथं ते स्वतः येऊन बसतात."

दगडोबा म्हणजे मी.

शेवटी शेवटी सर म्हणायचे, "सहावं उदकपूर येतंय." पण ते आजारी पडले आणि मला काही ते दिसलं नाही. सर गेले त्याच्या दुसऱ्या वर्षी त्यांच्या पत्नीनं, आमच्या बाईंनी, घर आवरायला घेतलं. त्या मुलाकडे लातूरला निघाल्या होत्या. कादंबऱ्या मी ग्रंथालयात नेल्या. टिपणांच्या वह्या लातूरच्या पुनमताईला दिल्या. ती सरांची विद्यार्थिनी, आता तिथल्या कॉलेजात शिकवते. माळवदाच्या खोलीत, गळक्या कोपऱ्यात दोन मोठी गाठोडी राहिली होती. तांबड्या फडक्यात बांधलेली, आडव्या सुट्या पानांच्या पोथ्यांची. ओलीनं लगदा झालेली, खालून वाळवी लागलेली.

बाई म्हणाल्या, "दगडोबा, एवढ्या पोथ्या रद्दीत जाऊ देऊ नका."

ही आपली रीत. जीर्ण पोथी रद्दीत द्यायची नाही, जाळायची नाही, गंगेला द्यायची. आणि बांधलेली पोथी उगीच सोडायची नाही. अंघोळ करून, पाटावर बसून, वाचायची असेल तरच सोडायची. मी गाठोडी सोडली नाहीत. सरांनी गावोगावून जमवलेल्या असतील, अशा समजुतीनं विष्णुपुरीला नेली, हळदकुंकू वाहिलं आणि गोदामाईच्या ओटीत घातली. गाठोडी जरा वेळ तरंगली, मग गेली. मी हात जोडून उभा होतो. चांगलं काम झालं म्हणून त्या दिवशी जेवणही गोड लागलं.

तेहतीस वर्षं ज्यानं प्रत्येक पुस्तक उघडून सतराव्या पानावर शिक्का मारला, त्यानं तेवढी दोन गाठोडी उघडली नाहीत.

गेल्या भाद्रपदात पुनमताई अहमदपूरला आली. सरांचं सगळं छापील लेखन एकत्र काढायचं ठरलं होतं. हातात यादी होती.

"मामा, आठ पुस्तकं. सात मिळाली," ती म्हणाली. "आठवं सरांनी ओवीत लिहिलंय, पोथीसारखं सुट्या पानांवर छापलंय. पन्नासच प्रती. नांदेडचे खाजाभाई बाइंडर म्हणाले, दोन तांबड्या गाठोड्यांत बांधून सरांच्या घरी पाठवल्या. सरांच्या हातचं लिखाण छापखान्यातून परत आलंच नाही. बाईंना विचारलं, त्या म्हणाल्या, घर दगडोबांनी आवरलं."

"बघतो," एवढंच म्हणालो. खोटं नव्हतं ते, पण खरंही नव्हतं.

दुसऱ्या दिवशी पहिल्या गाडीनं नांदेड गाठलं. खाजाभाईचं दुकान जुन्या नांदेडात. खळीचा वास, दाब्यात आवळलेल्या वह्या. सरांची सगळी पुस्तकं त्याच्याच हातची. मी सगळं सांगितलं. तो सुईत दोरा ओवत होता, तो ओवायचा थांबला.

"दोन्ही?"

"दोन्ही."

"आत बघितलं न्हाईस?"

"पोथी होती, खाजाभाई. कशी सोडणार?"

"क्या बोलू तुला. मीच ते तांबडं कापड आणलं, मीच गाठ मारली. सर म्हणाले, खाजा, अशी बांध की बघणाऱ्यानं हात जोडले पायजेत. तू जोडलेस." त्यानं चष्मा काढून पुसला. "नाव दगडोबा, अन् बुडवलं काय तर उदकपूर. ते तर पाण्याखालीच होतं म्हणा."

मला हसू आलं नाही. त्यालाही आलं नाही. त्यानं चहा सांगितला. चहा निम्मा झाल्यावर तो म्हणाला, "थांब. पन्नास न्हाई, एकूणपन्नास गेल्या तुझ्या हातनं. अर्धापूरची गुणाबाई हाय ना, कीर्तनात चाल धरती ती? त्या दिवशी ती हरिपाठ बांधायला घेऊन आलती. सर इथंच बसले होते, तू बसलास तिथं. पहिली बांधलेली पोथी त्यांनी तिच्या ओटीत टाकली. ती म्हणली, मला वाचता कुठं येतंय. सर म्हणले, ऐकता येतंय ना."

मी तिथूनच पुनमताईला फोन लावला आणि काल जे बोललो नव्हतो ते बोललो.  

ती म्हणाली, "मामा, तुम्ही मला बीएला असताना 'उदकपूर' दिलं होतंत. घरी न्यायची मुभा नव्हती तरी दिलं होतंत. परवा रविवार आहे. मी येते. आपण तिघंही जाऊ."

अर्धापूरच्या पुढं गुणाबाईंच्या केळीच्या बागा. सत्तरी ओलांडलेली बाई, कपाळाला बुक्का, आवाज मात्र खणखणीत. लेकानं त्या दिवशी घड उतरवले होते. बाई झाडाखाली बसून केळीची पानं सारखी करत होत्या.

"राम कृष्ण हरी," मी म्हणालो.

"राम कृष्ण हरी. खाजादादा, तुमी हिकडं कुठं? अन् ही लेक कुणाची?"

पुनमताईनं पोथीचं विचारलं. बाईंनी सुनेला, शिवकन्येला हाक मारली. तिनं देवघरातून पाट आणला, पाटावर तांबडं फडकं. आपली गाठ खाजाभाईनं लांबूनच ओळखली. फडकं सोडलं तर आत चौदा पानं. तेरा सुरुवातीची आणि एक अगदी शेवटचं.

"गेल्या पावसाळ्यात उंदरानं कुरतडली," शिवकन्या हळू आवाजात म्हणाली. "मधली सत्तर-बहात्तर पानं होती. चुरा झाला. मी तुळशीत घातला."

मी पाटाशेजारी बसलो. पुनमताई ती चौदा पानं पुन्हा पुन्हा मोजत होती.

गुणाबाईंनी आमची तोंडं पाहिली. "आता ह्यात काय मयत झाल्यावानी बसायचं? पानं गेली. पोथी कुठं गेली? तीन श्रावण हिनं वाचली, मी ऐकली. रोज तुळशीपुढं. ल्हिवून घ्या की."

"सगळी येते?" पुनमताईनं विचारलं.

"यील. पर अशी बसून बोलता न्हाई यायची. चालीत यील. टाळ कोण धरतं?"

खाजाभाईनं माझ्याकडं बोट दाखवलं.

चार रविवार आम्ही अर्धापूरला गेलो. केळीच्या सावलीत बाई गायच्या, मी टाळ धरायचो, पुनमताई लिहायची. बाई अडल्या की शिवकन्या भाकरी थापता थापता आतूनच पुढचा शब्द टाकायची. खाजाभाई लिहिलेली पानं ओळीनं लावायचा. मला काय सांगू, आयुष्यात एवढी कीर्तनं ऐकली, पण कुठला शब्द येतो म्हणून असा जीव मुठीत धरून टाळ कधी धरला नव्हता. प्रत्येक ओवीला वाटायचं, पाण्यातून एक पान वर आलं.

सर शब्दाशब्दातून दिसत होते. 'माझार' म्हणजे मध्येच, 'साचार' म्हणजे खरोखर, 'सकळां' म्हणजे सगळ्यांना, असे शब्द ते वर्गात बोलायचे, पोरं हसायची.

चौथ्या रविवारी शेवट आला. उदकपूर ढासळतंय आणि उमळा सगळ्यांना नावेत घालून वर आणतेय. बाईंनी डोळे मिटून म्हटलं:

उमळा म्हणे सरलें पाणी । थकली माझी नाव जुनी ।
भाकर द्या गे अर्धी कोणी । दारीं तुमच्या बैसलें ॥

पुनमताईचा हात थांबला. शेवटचं छापील पान तर पाटावरच होतं. तिनं ते वाचून दाखवलं:

सकळां उतरविलें पार । उमळा राहिली माझार ।
नाम कोणी न घे साचार । घर तियेचें बुडालें ॥

"हाय तसं पानात," गुणाबाई म्हणाल्या. "मला ठावं हाय. पैल्या श्रावणात मी तसंच ऐकलं, अन् मला जेवण ग्वाड लागलं न्हाई. जी बाई समद्यांला पार नेती, तिला पाण्यात ठिवून कुणी येतं का? दुसऱ्या श्रावणापास्नं मी तिला वर आणली. ह्या शिवकन्येला इचारा."

"आत्याबाई म्हणल्या, तसंच वाच," शिवकन्या म्हणाली. "मी तसंच वाचत गेले."

पुनमताई पेचात पडली. "म्हणजे मधलंही काही बदललं असेल. सरांचं कुठलं आणि बाईंचं कुठलं, आता कसं ठरवायचं? सरांच्या नावावर काय छापू मी?"

बाईंचं तोंड उतरलं. "चुकलं असंल तर काढा माझं," त्या म्हणाल्या आणि पानं सारखी करायला लागल्या.

मला एकदम सरांची खोली आठवली. टेबलावर एकाच ग्रंथाच्या दोन पोथ्या शेजारी शेजारी उघडलेल्या. मी चहा ठेवत विचारलं होतं, "सर, ह्यातली खरी कोणती?" सर म्हणाले होते, "दोन्ही कुणीतरी जिवापाड जपल्यात, दगडोबा. एक वर छापायची, दुसरी खाली. कुणी जपलेलं पुसायचा अधिकार आपल्याला नाही."

मी पुनमताईला तेवढंच सांगितलं.  तिनं वहीत सरांची ओवी लिहिली, तिच्याखाली रेघ ओढली आणि रेघेखाली लिहिलं: गुणाबाईंचा पाठ, वाचन शिवकन्या. मधल्या पानांच्या सुरुवातीलाही तीच नोंद केली. गुणाबाईंना वाचता येत नव्हतं; शिवकन्येनं ते बोट ठेवून वाचून दाखवलं. स्वतःच्या नावाशी तिचं बोट जरा रेंगाळलं.

ह्या माघात पोथी छापून आली. खाजाभाईनं पुन्हा तांबडं फडकं आणलं, पण गाठ आता साधी मारतो, ओढली की सुटणारी. म्हणतो, "दगडोबाच्या हाती पडली तरी उघडली पायजे." पहिली प्रत मी जुन्या ग्रंथालयात नेली. निवृत्त माणूस मी, तरी त्यांनी शिक्का माझ्या हातात दिला. सतराव्या पानावर मारला. आधी पोथी सोडून, कपाळाला लावून, शेवटपर्यंत वाचून. मारताना डोळे भरले, म्हणून जरा वाकडा बसलाय.

पंगत उठलेली दिसते. जा, प्रसाद घ्या. पण एक मागणं आहे. कधी नांदेडकडं जाताना गोदावरीचा पूल लागेल. गाडी पुलावर आली की पाण्याकडं बघून एकदा म्हणा, वैजनाथ सर. मोठ्यानं नाही म्हटलं तरी चालेल. तेवढ्यानं खाली त्यांचं घर उभं राहील.