न झालेला धूर

संध्याकाळची जेवणं आटोपली की न्याचिर्वा चुलीतला सगळ्यात मोठा निखारा निवडायची आणि राखेखाली पुरून ठेवायची. पहाटे तोच उकरून, फुंकून जागा करायची. मुलगा लेविसन जोनीला, म्हणजे जोहान्सबर्गला, कामाला गेला त्या दिवसापासून तिनं हा विस्तव विझू दिला नव्हता. तिच्या आईनंही असाच राखला होता. खाणीत गेलेला बाप कित्येक वर्षांनी परतला, तेव्हा छपरावरचा धूर पाहून म्हणाला होता, "बरं झालं, अजून आपलं घर आहे म्हणायचं."

ही गोष्ट तिच्या सुनेला आता तोंडपाठ होती. सुनेचं नाव एस्नार्ट, पण सासरी बाईला तिच्या नावानं कोण हाक मारतंय? बापाचं कूळ मोयो, म्हणून ती न्यामोयो. सासूचं माहेर चिर्वांचं, म्हणून ती न्याचिर्वा.

लेविसन गेला तेव्हा तेम्वा पोटात होती. आता ती घरभर पळायची आणि पळता पळता खोकायची. रात्री तर कुत्र्याच्या पिल्लागत भुंकायची. न्यामोयो तिला छातीशी उभं धरून बसायची, आणि पाठीवर हात ठेवला की आत काहीतरी घरघरताना हाताला लागायचं. दवाखान्यातली सिस्टर म्हणाली होती, "औषध देते, पण चुलीपुढून पोरीला हलव. धूर तसाच राहिला तर माझं औषध काय करणार?"

म्हणूनच नव्या चुली आल्या तेव्हा न्यामोयो पहिल्या रांगेत होती. वरून पत्रा, आतून भाजकी माती. जिथे कवळाभर लाकूड लागायचं तिथे दोन काटक्यांत मक्याच्या पिठाचा घट्ट सिमा शिजायचा. जवळचं रान तर कधीच संपलं होतं, बायका सरपणाला टेकडीपलीकडे जायच्या. चुली फुकट मिळाल्या होत्या, शिवाय गावाला बोअर मिळणार होती. अट एकच. तपासणीच्या दिवशी गावात एकाही घरात तीन दगडांची चूल दिसता कामा नये. एक जरी दिसली तरी अख्खं गाव बाद.

"पण फुकट का देतात?" न्याचिर्वानं बैठकीत विचारलं होतं.

महिला कमिटीची अध्यक्ष न्यागोंद्वे म्हणाली, "आपण जो धूर करणार नाही ना, तो दूरदेशीच्या कंपन्या विकत घेतात."

"न झालेला धूर विकत घेतात?"

"हो."

"मग माझ्या न झालेल्या नातवंडांचं काय देतात तेही विचार. मुलगा तिकडे असल्यामुळे बरीच साठलीत माझ्याकडे."

बायका पोट धरून हसल्या होत्या. न्यामोयोही हसली, आणि मग तिला तेम्वाच्या अंगावरची चिंधी उगाच नीट करावीशी वाटली. कारण लेविसन येणार नाही हे तिला ठाऊक होतं. जोनीहून परतलेल्या लामेकनं मागच्या पेरणीला, सायकलीचं चाक दुरुस्त करता करता, मान वर न करता सांगितलं होतं. तिकडे बाई आहे. मूलही आहे. तो माचोना झाला, म्हणजे गेला तो गेलाच.

सासूला तिनं हे सांगितलं नाही. म्हातारीचा जीव त्या निखाऱ्यात आहे, असं ती स्वतःला समजवायची. पण तिचा स्वतःचा तरी कुठे होता? विस्तव जागा आहे तोवर ती या घरची सून होती.

तपासणी उद्यावर आली, तरी न्याचिर्वा नव्या चुलीकडे ढुंकून बघेना. दुपारी ती मका दळायला गिरणीवर गेली. तेम्वा खोकून खोकून ओकली आणि दमून झोपी गेली. न्यामोयोनं तिचं तोंड पुसलं आणि उठली.

आधी तिनं राख उकरली. निखारा फुटक्या खापरीत अलगद घेतला, नव्या चुलीत ठेवला, वर सालपटं रचली आणि फुंकलं. पेटलं. तिला हायसं वाटलं. विस्तव तोच, जागा तेवढी नवी. सासू आली की हेच दाखवायचं, असं तिनं मनाशी ठरवलं. मग एकेक दगड कवेत घेऊन कोठीमागे नेऊन ठेवला. दगड अजून ऊन होते, झोपलेल्या लेकराच्या पोटासारखे.

न्याचिर्वा आली ती दारातच थांबली. डोक्यावरची पिठाची परात तिनं हळूच खाली ठेवली.

"कुणी सांगितलं?"

"काय, अमामा? हे बघा, विस्तव तोच आहे. मी विझू दिला नाही..."

"निरोप कुणी आणला?"

न्यामोयोला काही कळेना. म्हातारी मटकन खाली बसली, पाय पसरले, दोन्ही हात डोक्यावर घेतले आणि असा हंबरडा फोडला की तेम्वा किंचाळत उठली.

बायका धावत आल्या. जी आली ती त्या मोकळ्या काळ्या जागेकडे बघायची आणि रडायला बसायची. पुरुष अंगणात बाकडी मांडू लागले. कुणीतरी सिमासाठी आधण ठेवलं.

"कधी गेला गं? खाणीत का?" न्यागोंद्वेनं न्यामोयोला मिठी मारली.

"कुणी गेलं नाही! मी नुसते दगड काढले!"

न्यागोंद्वेची मिठी सुटली. "अगं बये! आमच्यात घरधनी मेला तरच दुसऱ्यानं त्याच्या चुलीचे दगड हलवायचे. तुला कुणी बोललं नाही?"

"तुम्हीच म्हणालात ना, काढा म्हणून!"

"काढा म्हणाले, पण आमच्याकडे आमच्या नवऱ्यांनी काढले. जित्या माणसानं स्वतःच्या हातानं उचलले तर चालतं."

मग तिलाच काहीतरी उमगलं. या घरात उचलणारं होतं कोण?

दाराशी बसलेली म्हातारी आत्या म्हणाली, "म्हणजे मेला नाही? मग आम्ही रडलो कशाला?"

"रडलीस ते राहू दे जमा, पुढे लागेल," दुसरी पुटपुटली.

न्याचिर्वानं डोळे पुसले. "जिवंत आहे ना? मग ठेव परत. आत्ताच्या आत्ता."

कुणी बोअरचं नाव काढलं नाही. न्यामोयो कोठीमागे गेली, एक दगड उचलून आली. तेवढ्यात तेम्वाला पुन्हा उबळ आली. इवलासा जीव वाकून दुमडला. दगड कवेत धरून न्यामोयो तशीच उभी राहिली. तो खाली ठेवला असता तर सगळंच पहिल्यासारखं झालं असतं. खोकलाही.

"अमामा," ती म्हणाली, "तो येणार नाही. त्यानं तिकडे दुसरी चूल मांडलीय."

अंगणात लामेक बाकडं मांडता मांडता थांबला. न्याचिर्वानं सुनेकडे नाही, लामेककडे पाहिलं.

लामेकनं टोपी काढली. "खरंय. मी जेवलोय त्यांच्या घरी."

"काय जेवलास?"

"सिमाच. बाई तिकडची आहे, पण आपल्यासारखाच घोटते. त्यानं शिकवलंय."

"लेकरू?"

"मुलगी आहे."

"नाव?"

लामेकनं टोपी हातात फिरवली. "लेस्टिना."

न्यामोयोनं हे नाव सासूच्या दवाखान्याच्या कार्डावर वाचलं होतं. गावात त्या नावानं तिला हाक मारणारं आता कुणी उरलं नव्हतं. न्याचिर्वा ओठांतल्या ओठांत ते एकदा म्हणून गेली, जणू दुसऱ्याच कुणाचं असावं.

"नाव आठवलं त्याला," ती म्हणाली. "वाट नाही आठवली."

शिजलेला सिमा लोकांनी खाल्ला. अन्न टाकायचं कसं? मग एकेकजण उठून गेला.

"आता तू माहेरी जाशील," न्याचिर्वा म्हणाली.

"तुमचा खांदा धड नाही. सिमा कोण घोटणार?"

म्हातारीनं दगड पुन्हा मागितले नाहीत.

सकाळी न्यामोयो आत आली तेव्हा सासू नव्या चुलीपुढे बसून राखेत बोटं फिरवत होती. राख मऊ होती, थंडगार. त्या चुलीत सगळं जळून जायचं, मागे निखारा म्हणून राहतच नसे. न्यामोयोनं काडेपेटी पुढे केली.

"पोरगी रात्री खोकली नाही," न्याचिर्वा म्हणाली.

"नाही."

"मी ऐकत होते."

उन्हं वर आल्यावर तपासणीचा साहेब आला, कोवळ्या दाढीचा पोरगा. त्यानं नव्या चुलीचा फोटो काढला, मग त्या काळ्या मोकळ्या जागेचा.

"झकास! दगड कुणी काढले, आजी? तुम्ही तर नाही ना उचललेत एवढे जड?"

न्यामोयोनं सासूकडे पाहिलं.

न्याचिर्वानं तेम्वाला मांडीवर ओढून घेतलं. "माझ्या मुलानं," ती म्हणाली. "स्वतःच्या हातानं."